टॉमच्या तोंडी शब्द घालू नका

मुलांच्या कार्टून वाहिन्यांवर काय दाखवायचं आणि ते कुठल्या आवाजात ऐकवायचं हे ठरवणाऱ्या सर्व मंडळींना,

सप्रेम नमस्कार, विनंती विशेष.

मी सांगलीत राहते आणि गेली बावीस वर्षं घरी पेटीचे वर्ग घेते. यंदा दिवाळीच्या सुट्टीत बहिणीकडे गेले होते. तिचा नातू पाच वर्षांचा आहे. तो वरणभात खात होता आणि समोर टीव्ही चालू होता. पडद्यावर 'टॉम अँड जेरी'मधला टॉम, ते मांजर, काळा कोट घालून रंगमंचावर येत होता. मी हातातलं काम खाली ठेवलं, कारण हे कार्टून मला जवळजवळ पाठ आहे. टॉम ऐटीत येतो, वाकून अभिवादन करतो, पियानोपुढे बसतो, हात वर उचलतो, आणि मग एक छोटासा क्षण असा जातो की काहीच घडत नाही. त्या शांततेतून फ्रान्झ लिस्ट या हंगेरियन संगीतकाराच्या रचनेचा पहिला जड सूर पडतो. मी त्या सुराची वाट पाहत होते.

नेमक्या त्या क्षणी एक पुरुषी आवाज हिंदीत बोलायला लागला. तो टॉमचा आवाज होता म्हणे. मग दुसरा एक चिरका आवाज आला, तो जेरीचा. पुढची सगळी मिनिटं दोघं एकमेकांना दमदाटी करत, टोमणे मारत, आता मी काय करणार आहे ते आधीच सांगत बोलत राहिले. पियानो मागे कुठेतरी दबून वाजत होता, लग्नाच्या हॉलमध्ये जेवणाच्या पंगतीत सनई वाजते तसा. माझ्या बहिणीच्या नातवानं घास तोंडात धरून ते सगळं पाहिलं. एकदाही हसला नाही.

वाहिनीचं नाव मी लिहीत नाही. तक्रार एकट्या कुणाची नाही, आणि हे पत्र भांडायला लिहिलेलं नाही. मला मनापासून काही मागायचं आहे, आणि ते का मागते आहे हे नीट सांगायचं आहे.

ते कार्टून म्हणजे 'द कॅट कन्सर्टो'. एमजीएम या अमेरिकी स्टुडिओनं ते १९४७ साली प्रदर्शित केलं आणि १९४६ सालच्या कार्टून लघुपटांचं ऑस्कर त्याला मिळालं. दिग्दर्शक विल्यम हॅना आणि जोसेफ बार्बेरा, संगीत स्कॉट ब्रॅडली. गोष्ट चार ओळींची आहे. टॉम मोठ्या सभागृहात लिस्टची दुसरी 'हंगेरियन ऱ्हॅप्सडी' वाजवायला बसतो. जेरी पियानोच्या आत, तारांवर आपटणाऱ्या हातोड्यांवर गाढ झोपलेला असतो. टॉम वाजवायला लागतो, हातोडे उसळतात, जेरीची झोप मोडते. तिथून जे जुंपतं ते शेवटच्या सुरापर्यंत थांबत नाही. आठ मिनिटंसुद्धा पुरी होत नाहीत.

या आठ मिनिटांत दोघांपैकी कुणी एक अक्षर बोलत नाही. कारण टॉमला बोलायला सवडच नाही. तो मैफलीत बसलाय. समोर श्रोते आहेत. त्याला उंदराशी भांडायचंय, पण वाजवणं थांबवायचं नाहीये, चेहऱ्यावरची प्रतिष्ठाही ढळू द्यायची नाहीये. गंमत सगळी तिथेच आहे. मैफलीत साथीला बसलेल्या कुणालाही विचारा. पायाला मुंगी डसत असते, भात्याचा हात भरून आलेला असतो, शेजारच्या तबलजीनं ठेका हळूच चढवलेला असतो, आणि तोंडावर हसू ठेवून वाजवत राहावं लागतं. त्या वेळी मनातलं मोठ्यानं बोलता आलं असतं तर मैफल तिथेच संपली असती. टॉमला बोलतं केलं की त्याची अडचणच संपते, आणि अडचण संपली की हसायचं कशाला?

तुमच्यापैकी ज्यांनी हे कार्टून आवाज बंद करून किंवा घाईत, फक्त परवान्याची यादी तपासताना पाहिलं असेल, त्यांनी एकदा टॉमची बोटं बघावीत. आपल्या सिनेमात नायक पियानोवर बसतो तेव्हा बहुतेक वेळा कॅमेरा त्याच्या तोंडावर असतो. हात दिसलेच तर ते भलतीकडे फिरत असतात. इथे हातानं रंगवलेल्या मांजराची बोटं बऱ्याच ठिकाणी अशी पडतात की जो सूर ऐकू येतो, तीच पट्टी दबलेली असते. लिस्टची रचना सी शार्प मायनरमध्ये सुरू होते. सी शार्प म्हणजे आपली काळी एक, गावोगावच्या भजनी मंडळांत पेटीवर पहिलं बोट जिथे जातं ती पट्टी. त्यामुळे आमच्या वर्गातल्या मुलांना हा परक्या देशातला पियानो फार परका वाटत नाही. रचनेचे दोन भाग आहेत: पहिला 'लासान', संथ, भारदस्त; दुसरा 'फ्रिस्का', जो हळूच सुरू होऊन वेग घेत घेत शेवटी अक्षरशः धावत सुटतो. विलंबितातून द्रुतात जाणं आणि तिथून अतिवेगाच्या 'झाला'कडे, ही वाट आमच्या मुलांच्या ओळखीची आहे. आणि लिस्टनं शेवटाजवळ एक जागा मोकळी सोडली आहे, वादकानं तिथे आपल्या मनाचं वाजवावं म्हणून. हॅना-बार्बेरांनी ती परवानगी जेरीला दिली.

शेवट आठवून बघा. टॉमनं जेरीला हातोड्यांमध्ये कोंबलेलं असतं, हातोडे त्याला बदडून काढतात. जेरी चिडतो, दोन हातोडे मोडून घेतो आणि आतूनच तारांवर वाजवायला लागतो. संपलं असं वाटतं, टॉम सुटकेचा श्वास सोडतो, तर जेरी पुन्हा सुरू करतो. पुन्हा संपतं. पुन्हा सुरू. टॉमची कॉलर सुटते, कोट फाटतो, केस विस्कटतात, पण पियानो वाजतोय म्हणजे त्याला हात चालवावेच लागतात. शेवटी तो पट्ट्यांवर कोसळतो, टाळ्यांचा कडकडाट होतो आणि उजेडाचा गोल जातो जेरीवर. सगळी मेहनत कुणाची आणि मान कुणाला! हे कळायला पाच वर्षांच्या मुलाला कुठलीही भाषा लागत नाही.

मी बहिणीकडून परत आले आणि पुढच्या रविवारी वर्गात हे कार्टून मूळ आवाजात लावलं. नऊ मुलं, सतरंजीवर दाटीवाटीनं, पुढे स्टुलावर लॅपटॉप. तुमच्याकडून हमखास ऐकू येणारं एक उत्तर मला ठाऊक आहे: आजची मुलं न बोलणारं काही बघत नाहीत, त्यांना सतत काहीतरी कानावर पडायला हवं असतं. म्हणून त्या दिवशी काय झालं ते जरा सविस्तर लिहिते.

एका जागी टॉम उजव्या हाताच्या टोकाला एकच पट्टी पुन्हा पुन्हा वाजवत असतो. जेरी तिथे कात्री घेऊन येतो आणि बोट खाली आलं की कापायला बघतो. बोट वर जातं, कात्री रिकामी मिटते. पुन्हा तेच. दुसऱ्या खेपेला आमच्यातला एक मुलगा 'दोन' म्हणाला. तिसऱ्या खेपेला चार-पाच जण 'तीन' म्हणाले. सहाव्यापर्यंत सगळा वर्ग मात्रेवर मोजत होता, आणि तबला शिकणारा एक जण गुडघ्यावर ठेका धरून होता. मग जेरी कात्री टाकून देतो आणि पट्ट्यांच्या मधोमध उंदराचा सापळा ठेवतो. टॉमचं बोट सापळ्याच्या अलीकडे पडतं, पलीकडे पडतं, अलीकडे, पलीकडे. खोलीत इतकी शांतता झाली की पंख्याचा आवाज ऐकू आला. सापळा मिटला तेव्हा जो हशा उठला तो शेजारच्या काकूंनी खिडकीतून ऐकला आणि त्या बघायला आल्या. त्यांनीही उरलेलं उभ्यानं पाहिलं.

संपल्यावर आठ वर्षांची एक मुलगी, जी एरवी वर्गात तोंड उघडत नाही, म्हणाली, "बाई, त्याचं बोट खोटं नाही."

तीनदा लावावं लागलं. टॉम काय म्हणतोय असं एकानंही विचारलं नाही.

आता तुम्ही तो कात्रीचा प्रसंग बोलत्या आवाजात ऐका. पहिल्याच खेपेला जेरी सांगून टाकतो की आता तुझं बोट गेलंच. मोजायला काही उरत नाही. सापळा ठेवतानाही तो बोलतो. मुलाला स्वतः शोधायची, श्वास रोखून धरायची जी जागा होती ती भरून टाकलेली असते. विनोदाचं मर्म आधी फोडून सांगायचं आणि वर मुलं हसत नाहीत म्हणून आणखी चार वाक्यं घालायची, हे चक्र तुम्हीच थांबवू शकता.

मला स्कॉट ब्रॅडलीबद्दल थोडं लिहू द्या, कारण तुमच्या आवाजाखाली गाडला जातो तो हा माणूस. हॅना-बार्बेरांनी १९४० ते १९५८ या काळात टॉम-जेरीचे ११४ लघुपट केले, त्यांतल्या सातांना ऑस्कर मिळालं, आणि जवळजवळ सगळ्यांचं संगीत याचं. बार्बेरा प्रसंग रचून रेखाटत, हॅना वेळेचा हिशोब ठेवत. तो हिशोब आम्हा गाण्यातल्या माणसांना लगेच कळतो. फितीवर सेकंदाला चोवीस चित्रं धावतात. बारा चित्रांना एक मात्रा धरली की मिनिटाला १२० मात्रा होतात, आठ चित्रांना धरली की १८०. टॉमचं पाऊल कुठल्या मात्रेवर पडणार, तवा डोक्यात कुठल्या मात्रेवर बसणार, हे आधी ठरलेलं असे आणि ब्रॅडली त्याला सुरांचं अंग देत असे. उंदीर जिना चढला की सूर चढतात, मांजर दबकत चाललं की खालचे सूर दबकत चालतात. यालाच आपण साथ म्हणतो. गायकाच्या पुढे धावायचं नाही, मागे रेंगाळायचं नाही, आणि त्यानं श्वास घेतला की आपणही थांबायचं. ही शिस्त अंगी यायला आमच्या विद्यार्थ्यांना वर्षं लागतात.

१९४४ सालच्या 'पुटिन ऑन द डॉग'मध्ये जेरी एका कुत्र्याच्या नकली मुंडक्याखाली लपून पळतो. मुंडकं चाललंय आणि खाली इवलेसे पाय, असं ते चमत्कारिक दृश्य आहे. त्यासाठी ब्रॅडलीनं सप्तकातले बाराही सूर सारख्याच मानाचे धरणारी, संगीतकार शोनबर्गच्या पठडीतली पद्धत वापरली. म्हणजे ज्या संगीताला मोठमोठ्या सभागृहांतले श्रोते नाकं मुरडत, ते जगभरच्या पोरांनी खिदळत ऐकलं, त्यांच्या नकळत. अशा जागेवर कुणीतरी काहीतरी बोलत असतं तेव्हा माझ्या जिवाला खरोखर लागतं.

आवाजाला माझा विरोध नाही. याच लिस्टच्या याच रचनेवर वॉर्नर ब्रदर्सचं 'ऱ्हॅप्सडी रॅबिट' १९४६ च्या नोव्हेंबरात आलं होतं, फ्रिझ फ्रेलेंगचं. तिथे पियानोवर बग्ज बनी हा ससा, आणि त्रास देणारा उंदीरच. दोन्ही चित्रं इतकी सारखी निघाली की दोन स्टुडिओंनी एकमेकांवर चोरीचे आरोप केले. खरं काय याचा निवाडा मला करायचा नाही. मला दिसतो तो फरक असा: बग्ज वाजवता वाजवता फोन उचलतो, पलीकडचा कुणी फ्रान्झ लिस्टबद्दल विचारतो, आणि हा लिस्टचंच वाजवत असताना म्हणतो, कधी नाव ऐकलं नाही. बग्ज जिभेवर जगणारा प्राणी आहे. त्याला मुका करणं जितकं चूक, तितकंच टॉमला बोलका करणं. रचना तीच, पियानो तोच, उंदीर तसाच. पण एकाचा स्वभाव जिभेत आहे आणि दुसऱ्याचा डोळ्यांत नि बोटांत.

टॉम कधीच बोलत नाही असंही नाही. 'माऊस ट्रबल'मध्ये तो एक वाक्य बोलतो, 'द मिलियन डॉलर कॅट'मध्ये शेवटी दहा लाख डॉलर घालवून बोलतो. अख्ख्या कार्टूनमध्ये एकदाच तोंड उघडतो म्हणून ते वाक्य वीज पडल्यासारखं पडतं. त्याची ती सुप्रसिद्ध किंकाळी हॅनानं स्वतः दिलेली आहे. 'योहान माऊस'ला (१९५३) तर निवेदनही आहे, पण ते गोष्ट रचतानाच रचलेलं आहे आणि वाल्ट्झच्या नृत्यसंगीताला त्यात मोकळी जागा आहे. १९९२ मध्ये एक पूर्ण लांबीचा चित्रपट आला आणि त्यात दोघं बोलले, गायले, मित्रही झाले. विळ्या-भोपळ्याचं सख्य असलेल्या या जोडीकडून जे हवं असतं, तेच त्यात सापडत नाही असं मला वाटलं.

जुनं म्हणून सगळं जसंच्या तसं ठेवावं, एवढा हट्ट मी धरत नाही. याच मालिकेत काळ्या लोकांची टिंगल करणारे प्रसंग आहेत. ती घरकाम करणारी बाई, जिचे फक्त पाय दिसतात, तिचं चित्रण त्या काळच्या अमेरिकेतल्या वाईट सवयीतून आलेलं आहे. असे भाग दाखवायचे की नाहीत, दाखवले तर आधी काय सांगायचं, यावर तुम्ही जरूर विचार करा. तिथे हात लावायला कारण आहे. 'कॅट कन्सर्टो'मध्ये एका मांजरानं एका उंदराशी पियानोवर भांडण्यापलीकडे काही नाही.

भाषेबद्दलही बोलायला हवं. १९९५ साली कार्टून नेटवर्क भारतात आलं तेव्हा आमच्या गल्लीत दोनच घरांत केबल होती. संध्याकाळी एका घरात पंधरा-वीस माणसं जमत. माझ्या सासूबाईंना मराठीखेरीज काही येत नव्हतं. समोरच्या घरात धुणंभांडी करणाऱ्या बाईंची मुलगी कन्नड बोलायची, तिला मराठी जेमतेम कळायचं. एक मारवाडी कुटुंब होतं. टॉमचं शेपूट इस्त्रीखाली सापडलं की सगळे एकाच वेळी हसायचे. सासूबाई आणि ती मुलगी एकमेकींच्या मांडीवर हात मारून हसायच्या, आणि एरवी त्या दोघींमध्ये चार वाक्यंही होत नसत. सगळ्यांना एका वेळी पोचणारी ती चीज तुम्ही एका भाषेची करून टाकलीत. ज्यांना ती येते त्यांच्यासाठी गंमत कमी झाली, आणि ज्यांना येत नाही त्यांच्यासाठी दार लागलं.

डबिंग करणाऱ्या कलाकारांचं काम जावं असं मला अजिबात वाटत नाही. उलट त्यांना अधिक काम मिळावं. मुलांच्या वाहिन्यांवर बोलणारी कार्टूनं कितीतरी आहेत. रिमोटवरचं भाषेचं बटण दाबलं की हिंदी, तमिळ, तेलुगू, इंग्रजी येतं. माझ्या घरच्या जोडणीवर मुलांच्या बहुतेक वाहिन्यांत मराठी येत नाही. जी पात्रं बोलायलाच जन्मली आहेत त्यांना आमच्या मुलांच्या भाषेत बोलू द्या. नाटकात, बालनाट्यात तयार झालेले आवाज आपल्याकडे आहेत. त्यांना टॉमच्या तोंडी कोंबण्याऐवजी तिथे बोलवा.

आता मागणं. तेच बटण तुमच्याकडे आहे, म्हणून सांगते. भाषांच्या यादीत एक पर्याय 'मूळ आवाज' असा ठेवा. बोलका टॉम ज्यांना हवाय त्यांना तो राहू दे, पण मूळ ऐकायची सोय बंद करू नका. ते लगेच होण्यासारखं नसेल तर आठवड्यातून एक अर्धा तास ठरवा, ज्यात हे लघुपट मूळ आवाजात, न कापता लागतील. आणि त्या अर्ध्या तासात सुरुवातीच्या पाट्या गाळू नका. बहिणीकडे त्या दिवशी त्या गाळलेल्याच होत्या. टॉम थेट रंगमंचावर आला. आमच्या मुलांना मैफलीत नेलं की मी आधी सांगते, गाणाऱ्याचं नाव तर बघाच, साथीला कोण आहे तेही वाचा. स्कॉट ब्रॅडलीचं नाव पडद्यावर दोन-तीन सेकंदच असतं, तेवढ्यात दुसरी जाहिरातही बसत नाही.

वर्गातल्या मुलांना मी सांगितलंय की असं पत्र लिहिणार आहे. त्या आठ वर्षांच्या मुलीनं आता 'लासान'ची सुरुवात पेटीवर शोधायला घेतली आहे, काळी एकवरून. डाव्या हाताला भाता असल्यानं पियानोचे खालचे सूर तिला एकाच हातानं गाठावे लागतात आणि त्यावरून ती माझ्याशी रोज वाद घालते. आमचा वर्ग रविवारी सकाळी दहाला असतो. मूळ आवाजातलं 'कॅट कन्सर्टो' कुठल्या दिवशी, किती वाजता लावणार हे आठ दिवस आधी कळलं, तर त्या दिवशीचा वर्ग मी टीव्हीसमोर घेईन.

आपली,
सांगलीतली एक पेटी-शिक्षिका